क्लेमंटसाहेब नट यांची मातुश्रींपुढे परीक्षा जाहली ती हकीकत

श्रीशारदेचे चरणी मस्तक ठेवून, आणि जाणत्यांची आगाऊ क्षमा मागून लिहितो. शके १८८६, क्रोधीनाम संवत्सर. ते समयी इंग्रजांचे बेटावर क्लेमंट पॅजेट नामे नट होते, आणि बारा वर्षे रंगभूमीवर चहाचे तबक आणून ठेवण्याखेरीज दुसरी कामगिरी त्यांस मिळाली नाही, मग कंटाळून युरोपखंडी समुद्रकाठच्या एका राज्यात चित्रपटांची चाकरी धरावी असा विचार केला. राज्याचे नाव दोन ठिकाणी दोन आढळले, आमची खातरी नाही, सबब लिहीत नाही. साहेबांच्या मातुश्री हेस्टरबाई टोप्यांचे दुकान चालवीत. त्यांस कानांनी काही ऐकू येत नसे, परंतु समोरच्याचे ओठ पाहून शब्द न् शब्द ओळखीत. त्या बोलिल्या, "जा. पण तुझा एक तरी चित्रपट मी पाहीन. नट आहेस असं वाटलं तर राहा तिकडे. नाही तर गुपचूप येऊन टोप्या विकायच्या." साहेबांनी कबूल केले आणि कूच केले.

मग तिकडे तलवारीचे चित्रपट करणारे दिग्दर्शक फाब्रित्सिओ यांनी साहेबांची उंची पाहून एकदम राजपुत्रपद दिले, आणि घोडा दिला, आणि बूट दिले, ते दोन बोटे आखूड निघाले. त्या राज्याची रीत ऐसी की, चित्रण होताना आवाज टिपीतच नसत. ज्याने त्याने आपापल्या भाषेत बोलावे आणि मागाहून दुसऱ्याच कोणी खोलीत बसून आवाज भरावा. साहेबांनी संवाद मागितले तो दिग्दर्शक हसून बोलिले, "अहो, अजून लिहिलेत कुणी? ओठ हलवा म्हणजे झालं! चेहऱ्यावर प्रेम ठेवा, तेवढं पुरे." मग साहेब राणीचा हात हाती घेऊन, डोळां पाणी आणून, मनास येईल ते इंग्रजीत बोलते जाहले, आणि राणी आपले भाषेत काय उत्तर देत होत्या ते ईश्वर जाणे. हे चित्रपट बेटावर कधी जात नसत, यामुळे साहेब निर्धास्त होते.

तो मातुश्रींचे पत्र आले की, तुझा चित्रपट इंग्रजी आवाज भरून आमचे गावी लागला आहे, शनिवारी दुपारचे खेळास जाते. भरलेला आवाज मातुश्रींस ऐकू येणार नाही, त्या ओठच वाचणार, हे साहेबांचे ध्यानी आले. आता राजपुत्रपद जाऊन टोप्या नशिबी येणार, हे जाणून आगगाडी आणि आगबोट करून शनिवारी थेटरात दाखल जाहले आणि मातुश्रींचे शेजारी बसले.

मग प्रेमाचा प्रसंग आला आणि भारदस्त आवाज घुमला, "राणी, तुझ्यावाचून हे राज्य मला तुरुंग आहे!" आणि बाया रुमाल काढत्या जाहल्या. साहेबांनी चपळाई करून मातुश्रींचे डोळ्यांपुढे पेपरमिंटची पुडी धरली.

"हात बाजूला कर, क्लेम. गोळ्या मागाहून."

आपला आवाज किती चढतो हे मातुश्रींस कळत नसे, सबब त्या ओठ वाचता वाचता भर थेटरात बोलू लागल्या, "'बाई, ह्या बुटांनी जीव घेतला माझा! सकाळी घोडा चावला, आणि जेवणात नुसतं तेल—'"

"अहो बाई, गप्प बसा की! रडू द्या आम्हांला!" पुढील रांगेतून एक बाई गर्जल्या.

खेळ संपून बाहेर आले. साहेब मान खाली घालून काही पुटपुटले.

"मान वर कर, ओठ दिसत नाहीत."

"सोमवारी दुकान मी उघडतो, आई."

"दुकान? अरे, तोंडानं घोड्याला शिव्या देत होतास आणि चेहऱ्यावर बघावं तर त्या राणीवर जीव ओवाळलेला! मला सगळं कळत होतं, तरी माझेच डोळे भरले. असं सोंग दहा जणांत एकाला जमत नाही. जा परत. आणि त्या मेल्यांकडून मापाचे बूट घे."

येणेप्रमाणे साहेब त्या राज्यात आणखी एकोणीस वर्षे राजपुत्र, मग राजे, आणि अखेरीस राजांचे काका जाहले. पत्रे लिहिणे त्यांनी सोडून दिले. घरची विचारपूस आणि आपली खुशाली ते तलवारीच्या ऐन लढाईत सांगत, आणि मातुश्री तिकीट काढून ऐकत. जैसे कळले तैसे लिहिले, अधिकउणे आमचे माथी.