आईच्या भूमिकेसाठी अपात्र

धाकट्याने आपल्याच घरावर लघुपट काढायचं ठरवलं तेव्हा आईला वाटलं, निदान आईच्या भूमिकेला माणूस शोधावा लागणार नाही. कुटुंबांतल्या विचित्रपणावर गमतीदार लघुपट काढणाऱ्यांना अनुदान देणारं एक मंडळ होतं. मंडळाने चाचणीचं चित्रण पाहून शेरा मारला: वडील उत्तम, सोफा उत्तम, आई पटत नाही.

"तू 'जेवलास का' इतकं साधं विचारतेस, की त्यात आई जाणवतच नाही," धाकटा म्हणाला.

"अरे, मग कसं विचारू?"

"बघ! खऱ्या आईला हे विचारावं लागत नाही."

मंडळाने एक अनुभवी नटी पाठवली. अभ्यासासाठी ती घरातच राहायला आली. आईने तिला हौसेने सगळं शिकवलं. बाबांचा चष्मा कुठे सापडतो, धाकटा रुसला की काय बोलायचं नाही, गॅस एका काडीत कसा पेटवायचा. नटी भराभर शिकली, वर सकाळी मेकअप करूनच खोलीबाहेर यायची. थोड्याच दिवसांत बाबा तिलाच "अगं, चष्मा?" म्हणू लागले.

मग नटीने लेखी तक्रार केली, की एक परकी बाई सारखी मध्ये येते.

"तुझं चुकतंय असं नाही गं," बाबा आईला समजावत म्हणाले, "पण कामात खोळंबा नको."

आईही जिद्दीची. तिने स्वतःच्या भूमिकेसाठी रीतसर चाचणी दिली. परीक्षकांनी एकमताने नोंदवलं, की नक्कल बरी आहे, मूळ व्यक्तीचं निरीक्षण कमी पडतं. दयेपोटी तिला साखर मागणाऱ्या शेजारणीचं काम मिळालं. भूमिका अंगात मुरावी म्हणून तिने यापुढे बेल वाजवूनच घरात यावं, असं ठरलं. रात्री कुठे जायचं, हे पटकथेत नव्हतं.

पहिल्या खेळाला लोक पोट धरून हसले, आणि शेवटी ढसाढसा रडले. आई दाराशी उभी होती. एक मुलगी डोळे पुसत नटीच्या गळ्यात पडली. "अगदी माझी आईच हो तुम्ही!" मग तिने आपला फोन आईच्या हातात दिला. "काकू, आमचा एक फोटो काढता?"

आईने फोन डोळ्यांसमोर धरला, तेवढ्यात तो वाजला. फोनच्या पडद्यावर 'आई' अशी अक्षरं आली.

"तुझ्या आईचा फोन आहे गं," ती म्हणाली.

"कट करा ना, काकू," नटीला आणखी बिलगत मुलगी म्हणाली. "तिचं काही महत्त्वाचं नसतं."