दत्तूमामांचा चिमटा

शिवाजी पेठेत आमच्या शेजारी राहणाऱ्या दत्तूमामांना कुठलंही पत्रक दिलं, की ते आधी कागद चाचपतात आणि मग आणखी एक मागतात. दोन कागदांच्या मधे सुतळीचा तुकडा ठेवतात, घरातून हातभर लांबीचा लोखंडी चिमटा आणतात आणि त्यावर दाबतात. कट्! सुतळी तुटलेली, कागद शाबूत. मामांचा चेहरा फुलतो.

"दोरा तुटला पायजे, कागद न्हाय!"

हा चिमटा बैल खच्ची करण्याचा. मामा जनावरांच्या दवाखान्यात ड्रेसर होते, आता निवृत्त आहेत. खोंडाची कातडी न फाटता आतली नस चिरडली गेली पाहिजे, म्हणून ही परीक्षा. पूर्वी लोक हेच काम दगडावर ठेवून, लाकडानं बडवून करायचे. मामांनी गावोगाव भांडून कित्येकांच्या हातातलं ते लाकूड सोडवलं.

हे वाक्य ते सगळीकडे लावतात. तालमीतल्या पोरांची जुंपली, जावा-जावांचं बिनसलं, की मामा हजर. "बोल की तिला, पर दोरा तुटला पायजे, कागद न्हाय." ऐकणाऱ्याला काही कळत नाही, पण मामांच्या काखेत चिमटा असतो, त्यामुळे सगळे मान डोलावतात.

एवढा लोखंडाशी खेळणारा माणूस, पण अडकित्त्याला भितो. पानाचा शौक आहे, मात्र सुपारी आधीच फोडलेली लागते. एका साखरपुड्यात कुणीतरी तबकातला अडकित्ता उचलला, तर मामा चपला शोधायला लागले. पावणं रुसलं, असं समजून वरपक्षानं त्यांना धरून आणून फेटा बांधला.

आमच्या घरात पोथ्या कमी आणि पत्रकं फार. आजोबांनी लिहिली, बाबांनी वाटली, आणि मी त्यांचीच होड्या-विमानं करत वाढले. त्यामुळे जनावरांवर लिहायचं ठरवलं तेव्हा हात आखडला नाही. 'खच्चीकरण: भूल न देता चाललेला छळ!' पहिली प्रत मामांच्या हातावर ठेवली आणि भांडायच्या तयारीनं उभी राहिले.

"अगं पोरी, एवढा मोठा शब्द, एवढ्या मोठ्या टायपात? आमी तीस वर्सं नुसतं 'ते काम' म्हणतोय की!"

मग उंबऱ्यावर बसून ओळीखाली बोट धरत वाचू लागले. "भुलीचं बरोबर लिवलंयस. डॉक्टरनं सुई टोचावी, मगच चिमटा. आमी भुलीबिगरच करत आलो, ते चुकलंच." माझी निम्मी हवा तिथंच गेली. तेवढ्यात बोट थांबलं.

"'जनावराचे कान पिरगाळून धरतात.' हे कुणी सांगितलं?"

"मी बघितलंय, मामा. लहानपणी, मागच्या गोठ्याच्या भिंतीवरून. तुम्हीच धरले होते."

"ते खोड."

"खरं आहे ते. खोडणार नाही."

"मला राक्षस म्हण, कसाई म्हण. तेवढं खोड."

"तत्त्वाचा प्रश्न आहे."

मामा आत गेले. आठ दिवस बोलणं नाही, चिमट्याची कट् नाही. गल्लीतली भांडणंसुद्धा निकालाविना पडून राहिली.

नवव्या दिवशी दारात उभे. "उद्या गडहिंग्लजकडं एक खोंड हाय. डॉक्टरीणबाई येणार हायत. तू चल. डोळ्यानं बघ, मग काय लिवायचं ते लिव."

"आणि मी लिहिलंय तेच दिसलं तर?"

"तर ह्यो चिमटा पंचगंगेत."

दुसऱ्या दिवशी खोंडाला आडवं पाडलं. डॉक्टरीणबाईंनी भुलीचं इंजेक्शन दिलं, बराच वेळ थांबल्या, टोचून पाहिलं. मामांनी माझ्याच दोन पत्रकांत सुतळी ठेवून परीक्षा घेतली, चिमटा बाईंच्या हाती दिला आणि स्वतः खोंडाच्या तोंडाशी जाऊन बसले. दोन्ही हात त्याच्या कानांवर गेले. मी वही उघडून जवळ सरकले.

पिरगाळणं कुठलं! दिवाळीत बार उडताना आई लेकराचे झाकते, तसे मामांनी त्याचे कान तळव्यांनी झाकले होते.

बाई हसल्या. "मामा, भूल दिलीय. आता कान कशाला झाकताय?"

"दुखायचं न्हाय, व्हय. पर ऐकू येतंय की."

कट्. खोंड गप्प पडून होता. डोळे गच्च मिटले होते ते मामांनी.

परतताना गडहिंग्लजच्या स्टँडवर एसटीची वाट बघत बसलो. मी पिशवीतली पत्रकं काढली आणि एकेकावरची ती ओळ खोडू लागले. पेन जरा जोरातच चालत होतं. मामा पुढचा कागद सरकवत म्हणाले, "दमानं. ओळ गेली पायजे, कागद न्हाय."

मग आम्ही पानपट्टीवर गेलो. पानवाल्यानं कात लावला, चुना लावला आणि अडकित्त्याकडं हात नेला. मामांची नजर चपलांकडं वळली.

"पावणं," मी घाईनं म्हटलं, "सुपारी फोडलेली असंल तरच घाला. नसंल तर बिनसुपारीचं द्या."

मामा बिनसुपारीचं पान बराच वेळ चघळत राहिले, आणि गाडी लागल्यावर माझी पिशवीही त्यांनीच उचलली.