अकरा सेकंदांची संहिता

१४ मार्च, मंगळवार, सकाळी दहा वाजून चाळीस मिनिटांनी माहितीपट कार्यालयाच्या सात सदस्यीय तपासणी समितीला पुरावरील माहितीपटात असे अकरा सेकंद आढळले, ज्यांत कोणीही काहीही बोलत नव्हते.

पडद्यावर धरणावरचा भोंगेवाला होता. "त्या दिवशी भोंगा का वाजला नाही?" या प्रश्नावर तो हातातल्या टोपीकडे पाहत राहिला होता. संकलकाने चौतीस वर्षांत लोकांचे आवंढे, उसासे आणि अडखळणे हजारोंनी कापले होते. निवृत्तीला सतरा दिवस उरले असताना एवढे तरी राहू द्यायचे, असे त्याने मनाशी पक्के केले होते.

"हा माणूस मध्येच बंद पडलाय," समितीचे अध्यक्ष म्हणाले.

"बंद नाही साहेब, गप्प आहे," संकलक म्हणाला. "तेच त्याचं उत्तर आहे."

"मग ते मंजूर संहितेत का नाही?"

संहिता संकलकानेच लिहिली होती. काटकसरीच्या धोरणानुसार लेखकाचे पदही त्याच्याकडेच होते. अध्यक्षांनी फाइल मिटली. "लेखक म्हणून जे तुम्ही लिहिलं नाही, ते संकलक म्हणून ठेवलंत. लेखकाचं ना-हरकत पत्र आणा."

संकलकाने लेखकास रीतसर पत्र पाठवले. उत्तराची मुदत सात दिवसांची होती. त्याआधी उत्तर आल्यास दोघांच्या संगनमताचा संशय येईल, असे आस्थापना शाखेने कळवले.

"स्वतःच्याच उत्तराची वाट बघताय होय?" बायको म्हणाली. "अहो, या घरात जन्मभर गप्प बसलात, त्याला नाही कुणाचं पत्र लागलं."

"घरातली संहिता तुझी असते."

सातव्या दिवशी लेखकाने हरकत नसल्याचे कळवले. समितीने ते नोंदवून घेतले आणि नवी त्रुटी काढली: या अकरा सेकंदांपुढे शब्दसंख्येचा रकाना कोरा आहे. शब्द भरावेत, अन्यथा मौन काढून टाकावे.

मौन वाचवण्यासाठी लेखकाने लिहिले, "भोंगेवाला आता गप्प आहे." निवेदकाने ते भारदस्त आवाजात वाचले. त्यात चार सेकंद गेले. उरलेल्या सातांत प्रेक्षकांना यंत्र बिघडल्यासारखे वाटू नये म्हणून व्हायोलिन घालण्यात आले.

३१ मार्चला सभागृहात माहितीपट दाखवला गेला. पहिल्या रांगेतला भोंगेवाला दिवे लागल्यावर संकलकाजवळ आला.

"साहेब, मी गप्प होतो तेव्हा बोलत कोण होतं?"

संकलक स्वतःच्या हातांकडे पाहत राहिला. ते सेकंद कोणी मोजले नाहीत.

दाराशी अभिप्रायाचे छापील अर्ज ठेवले होते. प्रेक्षक तुमच्याआमच्यासारखेच जाणते, संवेदनशील होते. 'सर्वांत भिडलेला भाग' या प्रश्नापुढे २१४ पैकी २१४ जणांनी लिहिले: भोंगेवाल्याचे मौन.

माहितीपटातील मौनाची एकूण लांबी: शून्य सेकंद.