बाळंतिणीची सुंठ आणि फ्रेंच केक

पोहे काय, कोणीही करतं, असं प्रेरणानं शुक्रवारी सगळ्या घरासमोर ठणकावून सांगितलं, आणि पुढचं सगळं तिथूनच बिघडलं.

रविवारी तिच्या नणंदेला, सुरभीला, पाहायला उमरखेडहून पाहुणे येणार होते. मुलाचं नाव लग्नपत्रिकेवर काहीही छापून येवो, अख्खं उमरखेड त्याला पिंटू म्हणत होतं. त्या घरची मोठी सून नागपूरची होती आणि ती म्हणे आल्यागेल्याला पास्ता खाऊ घालायची. हे कानावर पडलं मात्र, प्रेरणाच्या अंगात यवतमाळच्या कॉलेजातली बी.एस्सी. संचारली. आपल्या ढाणकी गावालाही काही कमी नाही, हे उमरखेडवाल्यांना कळायलाच हवं होतं!

तिच्याकडे हुकमाचा पत्ता होता. फ्रान्समध्ये थंडीच्या दिवसांत लोक घरी एक ऊबदार मसाला करतात, असं तिनं मोबाइलवर पाहिलं होतं. मिरे, लवंग, जायफळ आणि सुंठ. एवढ्या चार जिनसा कुटायच्या आणि चिमूटभर केकमध्ये घालायच्या. नाव 'कात्र एपीस', म्हणजे चार मसाले. ते जिभेवर बसावं म्हणून आठ महिन्यांच्या चिमीला झोपवताना तिनं अंगाईऐवजी तेच म्हणून पाहिलं. चिमी झोपली नाही, पण नाव पाठ झालं.

चिमीच्या बाबतीत प्रेरणा म्हणजे चोवीस तासांची राखणदार. चिमी शिंकली की ती त्या शिंकेचा व्हिडिओ डॉक्टरांना पाठवायची. डॉक्टरांनी आता तिचा नंबर म्यूटवर टाकला होता. पण इतकं डोळ्यांत तेल घालून पाहणाऱ्या माणसाला आपल्या तोंडातून काय निघतंय तेवढंच दिसत नाही, त्याला काय करणार?

केक करणार हे तिनं घरात सांगितलं, मसाल्याचं मात्र कोणालाच नाही. पाहुण्यांनी पहिला घास घ्यावा, डोळे मिटावे, आणि विचारावं, यात काय घातलं हो? मग आपण पदर सारखा करत सहज म्हणावं, काही नाही, कात्र एपीस. हा प्रसंग तिच्या डोक्यात इतका पक्का बसला होता, की त्यात सुरभी कुठे बसली आहे हे तिनं पाहिलंच नव्हतं.

सुरभीनं मात्र तिला स्वयंपाकघरात गाठलं.

"वहिनी, साधे पोहेच कर ना. मले कोणाचे डोळे नाही दिपवायचे. होकार आला की झालं."

त्या होकाराची किंमत घरात एकट्या प्रेरणाला माहीत होती. सुरभी कॉलेजला असताना यवतमाळच्या एसटीत तिची जागा धरून ठेवणारा जो मुलगा होता, तो हाच पिंटू. त्यानं घरी हट्ट धरून, ओळखीच्या माणसांमार्फत, अगदी रीतीप्रमाणे हे स्थळ आणवलं होतं. हे मोडलं तर सुरभीला दुसरं स्थळ नको होतं. प्रेरणानं तिला जवळ घेतलं आणि शब्द दिला, तुझं जमवून देते, पाहाच तू.

शनिवारी ती चिमीला कडेवर घेऊन उकंडाभाऊंच्या दुकानात गेली. किराणा आणि काष्ठौषधी, दोन्ही एकाच गल्ल्यावर. उकंडाभाऊंनी जी सुंठ पुढे टाकली ती किड्यांनी बासरीसारखी कोरलेली होती. चांगली नाही का, असं तिनं विचारलं.

"हाय ना. पण ते मी बाळंतिणीसाठी ठेवत असतो. हाय काय घरी कोणी बाळंतीण?"

मागे पाचसहा बायका उभ्या होत्या. त्यांच्यादेखत फ्रान्स उलगडून सांगायचं? मागे एकदा तिनं इथेच पिझ्झ्यावर टाकायचा पाला मागितला होता, तर भाऊंनी ओवा बांधून दिला होता आणि वर पोट दुखतं का म्हणून विचारलं होतं.

"हो," प्रेरणा म्हणाली, "बाळंतिणीसाठीच पाहिजे."

खोटं बोललं की तिचे कान तापायचे, लहानपणापासून. तिनं ओढणी कानांवर घेतली. भाऊंचा चेहरा एकदम हळवा झाला. त्यांनी वरच्या फळीवरच्या बरण्या उतरवल्या. सुंठ अशी भरदार, जायफळं अशी टपोरी, की पाहतच राहावं. तिनं थोडीशी मागितली, त्यांनी पाव किलो तोलली. एवढ्याशानं बाळंतीण सावरते काय, म्हणाले. वरून मिरे, लवंगा. मग त्यांनी चिमीकडे पाहिलं, प्रेरणाच्या सपाट पोटाकडे पाहिलं, आणि ही नाही तर त्या घरात दुसरी कोण, हा हिशोब त्यांच्या कपाळावर स्पष्ट उमटला. प्रेरणाला तो दिसला नाही. तिचं लक्ष जायफळात होतं.

दुपारी तिनं सगळं मंद आचेवर भाजलं आणि अंगणात खलबत्ता घेऊन बसली. आता भाजलेल्या सुंठेचा आणि जायफळाचा एकत्र दरवळ ढाणकीत घराबाहेर पडतो तो एकाच कारणासाठी. कोणाच्या घरी बाळंतपण झालं, हे तिथे सांगावं लागत नाही, नाकानं कळतं. सासूबाई विमलताईंनी एका वासात ओळखलं असतं, पण त्यांचं नाक सर्दीनं चोंदलेलं होतं. आणि सुरभी? ती कालपासून चेहऱ्याला हळद-बेसन थापून खोलीत बसली होती. दार लावलेलं, खिडकीला पडदा, तेल लावलेल्या केसांवर कान झाकून घट्ट रुमाल. गल्लीतून जाणाऱ्या एकदोघींनी पडद्याच्या फटीतून तेवढं पाहिलं आणि पावलं मोजत पुढे गेल्या.

संध्याकाळी सासरे, म्हणजे बापूजी, चौकात चहाला गेले. तिथे उकंडाभाऊंनी त्यांना बाजूला घेऊन, आम्हाले काही कळूच देलं नाही, असं दबक्या आवाजात म्हटलं. बापूजींना वाटलं, सोयरिकीची बातमी फुटली. ते विनयानं हसले.

"आताच उघड नका करू भाऊ. उद्या उमरखेडचे येऊन राह्यले. त्यायनं एकदा डोळ्यानं पाह्यलं म्हणजे झालं. पोरगी आमची, तं निस्तरनं आम्हालेच हाय."

उकंडाभाऊंच्या हातातली बशी कलंडली. बापूजी मात्र घरी येऊन सांगत होते, गावाले आपली लय काळजी हाय, लोकायच्या डोळ्यांत पाणी येते!

रविवारी सकाळी केक कुकरमध्ये छान फुगला. वासही असा, की प्रेरणाला स्वतःचाच हेवा वाटला. तेवढ्यात अंगणात तांड्यावरच्या हंसाबाई येऊन उभ्या राहिल्या. चिमीला सव्वा महिना तेल चोळलं ते यांनीच. हातात तेलाची बाटली, तोंड फुगलेलं.

"चिमीले मी चोळलं. आन या बाळाले दुसरी कोणी पाह्यली काय? काय कमी केलतं मी?"

"कोणत्या बाळाला, मावशी?"

"आता मलेच इचारते. अवो, अख्ख्या गावाले माहीत हाय."

प्रेरणाच्या डोळ्यांसमोर शनिवारचा दिवस उलटा फिरला. बरणी, पाव किलो, उकंडाभाऊंचं कपाळ, सुरभीची बंद खोली. कान असे तापले, की त्यांवर पापड भाजून निघाले असते. तिनं कसंबसं सांगितलं, की मावशी, घरात बाळ नाही हो.

"अजून व्हायचं हाय काय?" हंसाबाई एकदम खुशीत आल्या. "मंग बसते मी." आणि त्या ओट्याच्या पायरीवर मांडी घालून बसल्या.

त्यांना उठवावं तर फाटकाशी गाडी थांबली. पिंटू उतरला, त्याचे वडील उतरले, आणि मागून त्याची आई उर्वशीबाई. विमलताई पाण्याचा तांब्या घेऊन पुढे झाल्या. उर्वशीबाई फाटकाबाहेरच थांबल्या. त्यांच्या हातात नारळ होता आणि नारळासोबत डिंकाची पुडी. नारळ घ्यायला ते वाटेत उकंडाभाऊंकडे थांबले होते. तुम्ही तिकडेच चालले तं हे बाळंतिणीले द्या, असं म्हणून भाऊंनी प्रेमानं पुडी दिली होती.

"घरात सोयर असताना पाहण्याचा कार्यक्रम ठेवला तुम्ही?" उर्वशीबाई म्हणाल्या. "आम्ही पाणी घेणार नाही."

"कोनाचं सोयर?" विमलताईंनी चोंदलेल्या नाकानं विचारलं.

"अजून नाही झालं," पायरीवरून हंसाबाईंनी दिलासा दिला. "या तुम्ही, आत या."

कोणीच आत आलं नाही. उर्वशीबाईंची नजर चिमीवर थांबली, प्रेरणावर थांबली, आणि सरकत सरकत दारात आली. तिथे सुरभी साडी नेसून, हातात ट्रे घेऊन उभी होती. पिंटूनं तिच्याकडे पाहिलं आणि मग स्वतःच्या बुटांकडे. अहो, गावात तर मी कालच सांगितलं, असं बापूजी समजुतीच्या सुरात म्हणू लागले आणि आपण नेमकं काय सांगितलं ते आठवून वाक्याच्या मधोमध खाटेवर बसले. प्रेरणाचा नवरा रजत पाहुण्यांसाठी खुर्च्या आणत होता. तो एक खुर्ची डोक्यावर घेऊन तसाच उभा राहिला.

प्रेरणाला अजून एक वाट दिसत होती. यवतमाळच्या मावसबहिणीचं बाळंतपण, तिच्यासाठी घेतली सुंठ. चुलत, मावस, कोणीही चाललं असतं. वाक्य जिभेवर तयार होतं. तेवढ्यात सुरभीनं तिच्याकडे पाहिलं. रागानं पाहिलं असतं तर बरं झालं असतं. ती फक्त वाट पाहत होती, वहिनी आता काहीतरी करील म्हणून.

"मी खोटं बोलले," प्रेरणा म्हणाली. आवाज इतका बारीक निघाला, की तिला परत म्हणावं लागलं, आणि दुसऱ्या वेळी तो शेजारच्या अंगणापर्यंत गेला. "घरात कोणी बाळंतीण नाही. सुंठ मी केकसाठी घेतली. भाऊ चांगली देत नव्हते, म्हणून मीच बाळंतिणीसाठी म्हणाले."

"केकात सुंठ?" उर्वशीबाईंनी विचारलं.

"फ्रान्समध्ये घालतात."

"फ्रान्समधी कोण बाळंत झालं?" हंसाबाईंनी विचारलं.

खुर्चीखालून रजतच्या घशातून काहीतरी फुटलं, ते त्यानं खोकल्यात नेलं. प्रेरणा आत जाऊन केक घेऊन आली. ज्या ताटलीभोवती तिनं सगळा प्रसंग रचला होता, ती आता पंचांसमोर ठेवायच्या मुद्देमालासारखी तिच्या हातात होती. उर्वशीबाईंनी फाटकात उभ्याउभ्याच एक तुकडा तोंडात टाकला. चावला. थांबल्या. परत चावला. प्रेरणा त्यांच्या जबड्याकडे अशी पाहत होती, जशी चिमीच्या तापाच्या वेळी थर्मामीटरकडे पाहायची.

पण डोळे कोणी मिटले नाहीत.

"हा तं बाळंतिणीचा लाडू हाय," उर्वशीबाई म्हणाल्या. "नुसता वळायचा राह्यला."

विमलताईंनीही खाऊन पाहिला. मिऱ्यानं त्यांना सणसणीत शिंक आली, नाक मोकळं झालं, आणि कालपासूनचा सगळा वास एकदम आत शिरला. "अवो माय," त्या मटकन बसल्या. "घरभर बाळंतीण दरवळून राह्यली, आन मले पत्ता नाही!"

सगळ्यांत आधी पिंटू हसला. मग बापूजी, मग पिंटूचे वडील. ट्रे खाली ठेवून सुरभी हसली, पण तिचे डोळे भरलेले होते, आणि ते पाहून प्रेरणाला उकंडाभाऊंच्या सगळ्या बरण्या आपल्या डोक्यावर फोडून घ्याव्याशा वाटल्या. हंसाबाई तेवढ्या हसल्या नाहीत. त्यांचा दिवस फुकट गेला होता.

उर्वशीबाई फाटक ओलांडून आत आल्या, विमलताईंच्या तांब्यातलं पाणी प्यायल्या, आणि पोहे आहेत का, म्हणून विचारलं. विमलताईंनी ते लगबगीनं केले आणि सगळ्यांनी दोनदा मागून घेतले. पोहे खाता खाता होकार आला. उर्वशीबाईंनी एकच अट घातली, आणि ती प्रेरणाच्या तोंडावरच घातली.

"लग्नाच्या स्वयंपाकात मसाल्याचा डबा हिच्या हाती नका देऊ."

प्रेरणानं मान डोलावली. यापेक्षा कडक अट असती तरी डोलावली असती. सुरभीनं आत जाता जाता तिचा हात दाबला, बऱ्यापैकी जोरात. माफी होती की चिमटा, हे तिला अजूनही ठरवता आलेलं नाही.

सोमवारी बापूजींनी हुकूम सोडला, ज्या तोंडानं सांगितलं त्याच तोंडानं जाऊन निस्तर. प्रेरणा दुकानात गेली आणि मागच्या रांगेसकट सगळ्यांना ऐकू जाईल असं खरं सांगून आली. उकंडाभाऊ रागावले नाहीत. त्यांनी शांतपणे भरदार सुंठेची बरणी उचलली आणि होती त्याहून एक फळी वर ठेवली.

आता ती दुकानात साधी साखर घ्यायला गेली, तरी भाऊ काटा हातात धरून, रांगेतल्या बायकांकडे पाहत, अगदी गंभीरपणे विचारतात, "बाळंतिणीसाठी देऊ, का फ्रान्ससाठी?"

प्रेरणा ओढणी कानांवर घेते आणि म्हणते, "चहासाठी, भाऊ."