वापरून पाहिलेलं पिस्तूल

सिंगापुरातल्या पाया लेबारच्या एका काचेच्या इमारतीत जगातल्या तमाम वस्तूंविषयी प्रामाणिक मत देणारी एक कंपनी आहे. वस्तू तिथे कधीच येत नाहीत. मतं मात्र तिथून रोज बाहेर पडतात. प्रबोध गद्रे हा या कंपनीचा वरिष्ठ मतलेखक. बेडोकला नवव्या मजल्यावरच्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहून त्याने गवत कापायची यंत्रं, बर्फ उपसायची फावडी आणि घोड्यांची खोगिरं यांवर इतक्या जिव्हाळ्याने लिहिलं होतं, की यंदा तुमच्याकडे थंडी कशी आहे, अशी कॅनडातल्या एका बाईने त्याची आपुलकीने चौकशी केली होती.

एका सोमवारी त्याच्याकडे नवं काम आलं. अंगावर लपवून बाळगण्याजोगं, लहान आणि हलकं पिस्तूल, बनवणारे अमेरिकेतले. यातही प्रबोधला काही वावगं वाटलं नसतं, पण त्याच आठवड्यात कंपनीने 'प्रत्यक्षानुभव धोरण' लागू केलं होतं. यापुढे प्रत्येक मताखाली 'ही वस्तू मी स्वतः वापरली आहे' अशी सही हवी. सही नसेल, तर लेखकाचं वार्षिक मूल्यमापन घसरणार. आणि प्रबोधचा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे इथे नोकरी करायचा परवाना, तर लवकरच संपत होता. मूल्यमापन घसरलं की पास गेला. पास गेला की फ्लॅट गेला, लेकीची, जाईची, शाळा गेली, आणि सिंगापुरातून गाशा गुंडाळायचा.

तो घाबरून आपल्या मॅनेजरकडे गेला. विनीता कर्णिक मूळची पार्ल्याची, आता इथली पीआर, म्हणजे कायमची रहिवासी.

"विनीता, या देशात पिस्तूल नुसतं जवळ सापडलं तरी तुरुंग, आणि वर वेताचे फटके."

"कायदा पाळायचाच," विनीता म्हणाली. "पण धोरणही पाळायचं. दोन्ही मॅन्डेटरी आहेत."

"दोन्ही एकदम कशी पाळणार?"

"मी कंप्लायन्सला विचारलंय. समतुल्य वस्तू चालेल म्हणाले. वजन, आकार आणि बाळगायची जागा जुळली म्हणजे झालं. त्यांच्या दृष्टीने मग ते पिस्तूलच."

घरी येऊन प्रबोधने स्वयंपाकघरातला वजनकाटा काढला. लाटणं लांब भरलं, चिमटा हलका निघाला, खलबत्त्याचा बत्ता कमरेला खोचताच पँट खाली आली. शेवटी सासूबाईंनी त्याच्या बायकोला, क्षिप्राला, दिलेला लोखंडी अडकित्ता सापडला. वजन जुळलं, आकार जुळला, मूठही हातात बसली.

"प्रबोध, आईचा अडकित्ता आहे तो. जागेवर ठेव," क्षिप्रा म्हणाली.

"कागदोपत्री हे पिस्तूल आहे."

"मग कागदोपत्री सुपारी खा."

दुसऱ्या दिवसापासून प्रबोध अडकित्ता कमरेला लावून हिंडू लागला. एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, बसलं की तो पोटात रुतायचा, म्हणून पाया लेबारपर्यंत उभाच. दुपारी जेवायला गेल्यावर हॉकर सेंटरमध्ये शर्ट वर करून झटकन अडकित्ता उपसायचा सराव त्याने केला, तेव्हा समोरचे अंकल आपल्या कोपीचा, म्हणजे कॉफीचा, कप उचलून दुसऱ्या टेबलावर जाऊन बसले. 'प्रतिपक्ष शस्त्र पाहताच माघार घेतो,' अशी नोंद प्रबोधने तिथल्या तिथे मोबाइलवर केली. लेकीने मात्र साफ सांगितलं, "बाबा, डोंट कम टू माय स्कूल लाइक दॅट, लाह."

मत लिहून झालं. प्रबोध सच्चा माणूस होता. अनुभवापलीकडचं एक अक्षर त्याने लिहिलं नाही. 'पोटाला टोचतं, पण सवय होते. चालवताना हाताला धक्का बसत नाही. आवाज जवळजवळ नाही. किलोभर मालावर चालवून पाहिलं, एकदाही दगा दिला नाही. बोट मध्ये येऊ दिलं नाही, तर घरात सर्वांनी वापरायला हरकत नाही.' खाली सही.

पिस्तुलावर उड्या पडल्या. मग तक्रारी आल्या. पिस्तूल हाताला हिसका देतं, कानठळ्या बसवतं, एकाच्या तर गाडीची काच फुटली.

विनीताने त्याला बोलावून घेतलं. "ग्राहकांचा अनुभव आपल्या मताशी जुळत नाहीये."

"मग मत बदलू?"

"वेडा आहेस का? तुझं मत सर्टिफाइड आहे. त्यांनी स्वतःचा अनुभव कुणाकडून सर्टिफाय करून घेतलाय?"

पिस्तूलवाले व्यवहारी निघाले. मत बदलत नाही म्हटल्यावर त्यांनी पिस्तूल बदललं. आधी हिसका काढला, मग आवाज काढला, आणि हे दोन्ही गेल्यावर गोळीचं काही कामच उरेना, म्हणून तीही काढली. राहिलं ते फक्त पोटाला टोचणं. हे नवं पिस्तूल जुन्याच्या कितीतरी पट खपलं. लोक रात्री उशाशी ते चाचपायचे आणि गाढ झोपायचे. प्रबोधला स्वतःचा फार अभिमान वाटला.

धोरण इतकं यशस्वी झाल्यावर ते सगळ्या खात्यांना लागू होणं ओघानेच आलं. आता एचआरलाही कर्मचाऱ्याचं मूल्यमापन त्याला स्वतः वापरून पाहिल्यावरच करता येणार होतं, आणि एचआरने प्रबोधला कधी पाहिलेलं नव्हतं. एचआर मनिलात, प्रबोध इथे. माणूस पाठवायचा तर विमानभाडं पडणार. मग त्यांना समतुल्य कर्मचारी सापडला. त्याच वयाचा, त्याच शिक्षणाचा, वजनातही किलोपर्यंत अचूक जुळणारा कुणी विक्रांत. एचआरने त्याला महिनाभर वापरून पाहिलं आणि मत दिलं: 'हाताळायला सोपा. दुपारी झोपतो. पुन्हा घेण्याची शिफारस नाही.' खाली सही होती.

"पण मी दुपारी झोपत नाही!" प्रबोधचा आवाज चिरकला.

"तो झोपतो ना," विनीता मवाळपणे म्हणाली. "आणि तू त्याच्याशी समतुल्य आहेस. वजनसुद्धा जुळलंय, प्रबोध."

पासचं नूतनीकरण झालं नाही. प्रबोधला मनापासून वाईट वाटलं, त्याहून जास्त संताप आला. न पाहिलेल्या माणसाच्या वामकुक्षीपायी आपला संसार उठावा, हा अन्याय त्याने क्षिप्राला रात्रभर ऐकवला. ज्याला आपण डोळ्यांनी बघितलंही नाही, त्याच्याविषयी माणूस लिहूच कसा शकतो, असं तो पुन्हापुन्हा म्हणत होता.

सकाळी सामान पुण्याला हलवायची वेळ आली. प्रबोध मोबाइल घेऊन बसला आणि थोड्याच वेळात त्याचा चेहरा उजळला.

"हे मूव्हर्स ठरवू या. सगळे तारे भरलेत. ही बाई बघ, 'एक कपसुद्धा फुटला नाही' म्हणतेय."

"बाईच आहे कशावरून?" क्षिप्राने विचारलं. "तुझ्यासारखाच कुणीतरी बसला असेल तिकडे."

"इतकी माणसं उगाच खोटं लिहितील?" प्रबोध दुखावून म्हणाला, आणि त्याने बुकिंग करून टाकलं.

हसा तुम्ही त्याला, खुशाल हसा. फक्त मागे पोराचा दात काढायला कुठल्या डॉक्टरकडे न्यायचं हे तुम्ही कसं ठरवलंत, ते पोराला कळू देऊ नका.