वरून तिखट, आतून गोड

माणसाने निवड करावी, ही सोय संस्कृतीने केली. निवड चुकल्यास मागे फिरता यावे, ही सोय मात्र फक्त जपानने केली. तिकडच्या व्हिज्युअल नॉव्हेल या खेळात पडद्यावर गोष्ट वाचत जायची, अडेल तिथे तीन उत्तरांतून एक निवडायचे, आणि चारपाच नायिकांतली आपली रुसली तर पुन्हा मागच्या जागेवरून सुरुवात करायची. त्याच गोष्टीचा अ‍ॅनिमे म्हणजे जपानी कार्टूनपट निघाला की दिग्दर्शक एकच वाट धरतो. बाकीच्या नायिका घरी बसतात.

यांत श्रेष्ठ काय, हे ठरवण्यासाठी २००६ साली महाडजवळच्या बिरवाडीत तुलना मंडळ स्थापन झाले. अध्यक्ष राजेश, कारखान्यातला ऑपरेटर, खेळाच्या बाजूचा. विरोधी पक्ष त्याचा खोलीतला जोडीदार सूरज, अ‍ॅनिमेचा. (सभासद वाढले नाहीत, खोलीत तिसरी गादी मावत नव्हती.)

मंडळाने नायिकांचे प्रकार एकमताने मान्य केले: बालमैत्रीण, अबोल, थोरल्या बहिणीसारखी, आणि सर्वांत लोकप्रिय 'वरून तिखट, आतून गोड'. ही जितकी ओरडते तितका जीव लावते.

महाडच्या कॉम्प्युटर क्लासमधली पोलादपूरची प्रियदर्शिनी राजेशला मनापासून आवडे. प्रकार त्याने मागाहून लावला. "गबाळ्या, बटणं तरी नीट लाव!" असे ती म्हणाली की त्याला प्रगती समाधानकारक वाटे.

एका शनिवारी एसटी स्टँडवर ती म्हणाली, "उद्या तुडीलची माणसं बघायला येतायत मला. तुझं काय ते आता बोल."

राजेश तीन उत्तरे दिसण्याची वाट पाहत उभा राहिला.

"काय रे, तोंडात काय हाय?"

"विचार करून सांगतो."

"तुझ्यासारखा मूर्ख नाय बघितला!" ती गाडीत चढली.

राजेश आनंदाने बिरवाडीपर्यंत चालत आला. खेळात हे वाक्य गोड शेवटाच्या जरा आधी येते.

लग्न तुडीलला झाले. मंडळ जेवायला हजर होते.

"माझं उत्तर चुकलं," राजेश म्हणाला. समोरची जिलबी तशीच होती.

"तुला विचारलं होतं, तेच खूप झालं," सूरज म्हणाला. "आणि तू नायक नव्हतासच रे. नायकाचा एक दोस्त असतो बघ, लग्नात पंगत वाढतो. तो तू. ऊठ, मठ्ठा संपलाय तिकडं."

राजेश उठला आणि त्याने खरोखरच मठ्ठा वाढला.

पुढे मंडळाने या नव्या प्रकाराची महाड-पोलादपुरात पाहणी केली. दोन्ही तालुक्यांत नायकाचा दोस्त एकही सापडला नाही. ज्याला विचारावे तो नायक. दोस्त म्हणून तो दुसऱ्याच कुणाचे तरी नाव सांगे. वाचकहो, तुम्हालाही एव्हाना असा एखादा दोस्त आठवला असेल. मंडळ त्याच्याकडे जाऊन आले. त्याने तुमचे नाव सांगितले.