बारावी भट्टी

भाजलेल्या कोंबडीच्या त्या हॉटेलांना चाळीस वर्षं पूर्ण होत होती आणि धाकट्या साहेबांना इतिहास हवा होता. एक पानभरच, कारण तो एकोणीसही शाखांत प्रत्येक ताटलीखालच्या कागदावर छापायचा होता. काम येऊन पडलं तक्रारबाईंच्या टेबलावर. गिऱ्हाइकांच्या तक्रारींना उत्तरं लिहिण्यात बाईंची अकरा वर्षं गेली होती, आणि मुख्य कचेरीत शुद्ध लिहिणारं दुसरं कुणी नव्हतं.

मजकूर साहेबांनी तोंडीच सांगून टाकला. थोरल्या साहेबांनी तरुणपणी सात वर्षं खपून एक मसाला शोधून काढला, पहिली कोंबडी सळईवर फिरवली आणि मग मागे वळून पाहिलं नाही. बाईंनी हे मुकाट्याने लिहून घेतलं असतं तर प्रश्नच नव्हता. पण बाईंना खोदून विचारायची खोड. कोंबडी कच्ची होती अशी तक्रार आली, की दिलगिरीच्या आधी त्या ‘मांडीकडे की छातीकडे?’ असं विचारून घेत. त्यांनी साहेबांना विचारलं, की त्या सात वर्षांत घर कशावर चाललं. आपण इतिहास लिहायला सांगितलाय, चौकशी करायला नाही, असं म्हणून साहेबांनी फोन उचलला.

झालं, बाईंच्या डोक्यात किडा शिरला. त्यांनी सगळ्या शाखांना चार ओळींची चिठ्ठी पाठवली: पहिल्या दुकानातली एखादी जुनी वस्तू आपल्याकडे असल्यास कृपया पाठवावी.

चार दिवसांत एकोणीस शाखांतून एकोणीस सळया आल्या. प्रत्येक सळई ‘पहिली’ होती. दोन वर्षांपूर्वी उघडलेल्या शाखेच्या पहिल्या सळईवर तर कारखान्याचं लेबलही शाबूत होतं. एका व्यवस्थापकाने सळईबरोबर माणूस पाठवला होता. कुणी अदलाबदल करू नये म्हणून तो दिवसभर तिच्याशेजारी स्टूल टाकून बसला. कचेरीला कोंबडीचा असा वास सुटला, की सगळ्यांना अकरा वाजताच भूक लागू लागली.

तेवढ्यावर भागलं असतं, पण सात-आठ शाखांनी दारावर ‘मूळ सळई इथलीच’ अशा पाट्या लावल्या. शेजारशेजारच्या दोन व्यवस्थापकांनी एकमेकांशी बोलणं टाकलं. आणि बाईंकडे पत्र आलं: ‘गेल्या आठवड्यात मी एका शाखेत मूळ सळईवरची कोंबडी खाल्ली. काल दुसऱ्या शाखेतही मूळ सळईवरचीच खाल्ली. माझी फसवणूक नक्की कुठे झाली ते कळवावे.’

बाईंनी ते पत्र धाकट्या साहेबांपुढे नेऊन ठेवलं. साहेब संतापाने लाल झाले. चाळीस वर्षांचा समारंभ चार दिवसांवर आला होता. वडिलांकडून एक सळई खरी ठरवून आणा आणि हा घोळ मिटवा, असं त्यांनी बजावलं. सळयांचं गाठोडं बांधून बाई टॅक्सीत बसल्या. चालकाने आरशातून दोनदा पाहिलं आणि आत काय आहे ते विचारलं. बाईंनी इतिहास आहे म्हणून सांगितलं. त्यानंतर थोरल्या साहेबांचं घर येईपर्यंत त्याने आरशात पाहिलं नाही.

थोरले साहेब खिडकीशी बसले होते. त्यांनी चष्मा पुसून एकेक सळई उजेडात धरून पाहिली, लेबलवालीसुद्धा.

“यातली एकही नाही,” ते म्हणाले. “पहिली सळई भट्टीबरोबर आली होती.”

“कुठल्या भट्टीबरोबर?”

म्हाताऱ्याने दाराकडे पाहिलं, मुलगा आला नाही याची खात्री केली आणि मग हळूहळू सगळं सांगितलं. त्यांना कोंबडी विकायचीच नव्हती. ते भट्ट्या विकायला बसले होते. विजेवर चालणाऱ्या, पुढून काच असलेल्या, घरात वापरायच्या बारा भट्ट्या. आतली सळई कशी फिरते ते लोकांना दिसावं म्हणून एक भट्टी दुकानाच्या दर्शनी खिडकीत चालू ठेवली. आधी सळईला बटाटा लावला, कुणी ढुंकून पाहिलं नाही. मग लेकीची बाहुली लावली. ती वितळली, आणि लेक आठवडाभर बोलली नाही. शेवटी बायकोने वैतागून मीठ-मिरी चोळून कोंबडी लावून दिली, तेव्हा खिडकीशी ही गर्दी. एक गृहस्थ आत आले. साहेबांनी त्यांना भट्टीचं प्रत्येक बटण समजावून सांगितलं. गृहस्थांनी सगळं ऐकून घेतलं आणि ‘ही कधी होईल?’ एवढंच विचारलं. कोंबडी झाल्यावर ते ती घेऊन गेले. दुसऱ्या दिवशी भावालाही घेऊन आले. गर्दी वाढली तशी दुसरी भट्टी उघडावी लागली, मग तिसरी.

“आणि तो मसाला? सात वर्षांचा?” बाईंनी विचारलं.

“सात वर्षं शोधलं खरं. पण मसाला नाही, गिऱ्हाईक. भट्टीचं. एकही मिळालं नाही.”

अकरा भट्ट्या कोंबड्या भाजून भाजून झिजल्या. बारावी आतल्या खोलीत चादरीखाली होती, खोकंही न फोडलेली. लोक आपल्याला मोठा माणूस समजतात, पण आपण आयुष्यात एकही भट्टी विकू शकलो नाही, असं ते सळईकडे बघत म्हणाले. मुलाला यातलं काही ठाऊक नव्हतं, आणि ते कळू नये अशी त्यांची इच्छा होती.

बाईंनी ती रात्र कुशी बदलत काढली. सकाळी त्यांनी खरं तेच पानभर लिहिलं, धाकट्या साहेबांपुढे ठेवलं आणि नोकरी गेली असं धरून उभ्या राहिल्या. साहेबांनी कागद दोनदा वाचला. लहानपणी बाबा कोंबडी घ्यायला आलेल्या प्रत्येक माणसाला आधी ती बटणं का दाखवायचे, हे कोडं आपल्याला आज सुटलं, असं ते म्हणाले. मग त्यांनी कागदावर सही केली, सगळ्या पाट्या उतरवायचा हुकूम काढला आणि चादरीखालची भट्टी आणायला दोन माणसं पाठवली.

समारंभात हॉलच्या मधोमध भट्टी पाहून थोरले साहेब आधी कावरेबावरे झाले. ताटलीखालचा कागद वाचून लोक मात्र तिच्याभोवती जमले. एका शाळामास्तरीणबाईंनी ते तिसरं बटण कशाचं, असं सहज विचारलं, आणि म्हाताऱ्याला कंठ फुटला. काच कशी पुसायची, चरबी कुठे गळते, सळई कशी बसते, सगळं त्यांनी घोटून घोटून सांगितलं. मास्तरीणबाईंनी शेवटपर्यंत ऐकलं.

“छान आहे. मग ही मला द्या,” त्या म्हणाल्या.

धाकट्या साहेबांचे डोळे भरून आले. थोरल्या साहेबांनी एकदा भट्टीकडे पाहिलं, एकदा गच्च भरलेल्या हॉलकडे पाहिलं, आणि भट्टीवर चादर ओढली.

“नाही बाई, ही विकायची नाही. तुम्ही घरी भाजायला लागलात तर आमच्याकडे कोण येणार?”

मग मास्तरीणबाईंचा चेहरा पडलेला पाहून ते पुढे वाकले आणि चाळीस वर्षांत पहिल्यांदाच त्यांनी गिऱ्हाइकाला विचारलं, “अर्धी देऊ, की अख्खी?”